दारावर न लागलेला कागद

प्रिय काकू,

मंगळवारी दुपारी तुमच्या दारात पाणी मागायला आला होता तो मुलगा मी. तुम्ही पाण्याबरोबर बिस्किटंही दिलीत, नाव विचारलंत, आणि मी खोटं नाव सांगितलं. ओळखीचे मला भिंगरी म्हणतात, तूर्तास तेच चालू द्या. तहान तर मला नव्हतीच. मला तुमचं दार बघायचं होतं.

पत्राची सवय नाही, सांभाळून घ्या. शाळा आठवीत सुटली. मी शाळा सोडली की शाळेने मला, यावर घरी अजून भांडण आहे. मग ट्रकवर फिरलो, एका तंबूवाल्याकडे राहिलो. त्याच्याकडे एक बदक होतं, ते सगळ्यांना सोडून मलाच चावायचं. असो, बदक राहू दे. गेले सात-आठ महिने मी कोर्टाच्या कॅन्टीनमध्ये पडीक असतो. बेलीफ लिलावाची नोटीस घरावर चिकटवायला निघाला की त्याला दोन पंच लागतात, चिकटवलेली आम्ही पाहिली अशी सही करायला. एका सहीला एक जेवण. सुरुवातीला मी खरोखर जायचो. तुमच्या वेळी बेलीफाचा गुडघा धरला होता, आणि तुमचं घर टेकडीपलीकडे, पार टोकाला. तो म्हणाला, मरायला तिकडे कोण जातंय, पंचनामा इथेच बसून लिही, एवढी बडबड करतोस ती जरा कागदावर कर. नुसतं बंद दार लिहू नकोस, वकील लचके तोडतात. एखादा माणूस घाल, आणि त्याने नोटीस घ्यायला नकार दिला असं लिही.

मी माणूस घातला. राखाडी स्वेटर, गुंड्या एक घर चुकवून लावलेल्या. उजव्या हाताची दोन बोटं नाहीत. दारातल्या खुर्चीत बसलेला. कागद पुढे केला तर मान हलवून नाही म्हणाला, म्हणून नोटीस दारावर चिकटवली. खाली माझी सही.

सोमवारी तुमचा अर्ज सुनावणीला निघाला तेव्हा मी मागच्या बाकावर होतो. तुम्ही ठामपणे सांगत होतात की दारावर कागद लागलाच नाही, एक अनोळखी माणूस टेप घेऊन खोल्या मोजायला आला तेव्हा घर विकलं गेल्याचं कळलं, म्हणून ही विक्री रद्द करा. मग घर घेणाऱ्याच्या वकिलाने माझा पंचनामा वाचला. स्वेटरच्या गुंड्यांपाशी तुम्ही खाली बसलात. वकिलाची बाही ओढलीत आणि म्हणालात, अर्ज मागे घ्या. न्यायाधीशांनी गुरुवारपर्यंत विचार करायला सांगितलं. बाहेर व्हरांड्यात तुमचे वकील तळतळून सांगत होते की बाई, अर्ज करायची साठ दिवसांची मुदत केव्हाच उलटली, हा मागे घेतला तर दुसरा अर्ज चालायचा नाही, घर गेलं म्हणून समजा. तुम्ही नुसत्या चपला शोधत होतात. त्या पायातच होत्या.

मला वाटलं होतं, लिहिलंय तसं काही तिथे नसणारच, जाऊन बघून येऊ. दारात खुर्ची होती. पुढच्या खोलीत फोटो होता, लाकडाच्या वखारीत उभे असलेले काका. गुंड्या चुकलेल्या. तुम्ही म्हणालात, दोन बोटं करवतीने नेली, आणि दोन वर्षांपूर्वी ते स्वतःच गेले. आयुष्यभर पोस्टमनला मान हलवून परत पाठवायचे, म्हणालात. आता मेल्यावरही दारात बसून कागद परत पाठवत असतील, तर कागद आलाच नाही असं मी कोणत्या तोंडाने सांगू, हेही तुम्हीच म्हणालात. माझ्या हातातलं पाणी तसंच राहिलं. मी पळालो.

काकू, तो माणूस मी मनाने रचला नव्हता. त्या दिवशी कॅन्टीनमध्ये तो माझ्या समोरच्या बाकावर बसला होता. बघून बघून उतरवला. पहिला पंच मिळत नव्हता, म्हणून तुमच्या घराचा तोच कागद त्याच्यापुढे सरकवून विचारलंही, काका, सही करता का? त्याने बराच वेळ वाचला आणि मान हलवली. कॅन्टीनवाला हसत म्हणाला, काय रे भिंगरी, रिकाम्या बाकाशी गप्पा? मला ती थट्टा वाटली. आताही मी तिथेच बसून लिहितोय, आणि वर बघत नाहीये.

म्हणून हे पत्र. काका नाही म्हणाले हे खरं, पण ते मला म्हणाले, इथे. तुमच्या दारात कोणी आलं नव्हतं, ना बेलीफ, ना मी. कागद दारावर लागलाच नाही. सोमवारी तुम्ही बोललात ते अक्षर न् अक्षर खरं आहे. हे पत्र वकिलांना द्या, सही पंचनाम्याच्या सहीशी ताडून बघू दे. गुरुवारी अकराला मी कोर्टात उभा राहून हेच सांगणार आहे. खोट्या पंचनाम्यासाठी आत टाकतात म्हणे. पळून जाण्यात माझा हात कोणी धरणार नाही, म्हणून आधीच लिहून, सही करून ठेवतोय. मी आलो नाही तरी हे पुरेल. अर्ज मागे घेऊ नका.

तुमचाच,
पंच क्रमांक दोन