महाग म्हणायची सवय

रविवार, ९ नोव्हेंबर

मंजुळाने आज मला न भांडता मासळी दिली. काहीतरी आहे!

वीसेक वर्षं मी लालबागच्या बाजारात तिच्याकडूनच घेते. आमची पद्धत ठरलेली. ती भाव सांगायला तोंड उघडते आणि भाव बाहेर पडायच्या आत मी म्हणते — महाग! मग ती म्हणणार, अगं बाय, अजून मी बोलले कुठं. मग मी पुढच्या कोळणीच्या पाटीपर्यंत जाणार, ती हाक मारणार, मी परत येणार, आणि दोघी थोड्या थोड्या नाराज होऊन व्यवहार पुरा करणार. आज पापलेटची जोडी होती, हजाराच्या खाली येणार नाही अशी. मी सवयीने महाग म्हटलं. तर म्हणते, "बरं बाय, तू दे काय द्यायचं ते."

मी सहाशे म्हटलं. उगाच, भांडणाला सुरुवात म्हणून. तिने जोडी साफ करून पिशवीत टाकलीसुद्धा!

कल्ले तिथेच बघितले होते. लालभडक. पोट दाबलं, घट्ट. वासही बरोबर. तरी घरी येऊन कालवण केलं आणि आधी ह्यांना वाढलं. हे दोनदा भात घेऊन झोपले.

सोमवार, १० नोव्हेंबर

हे ठणठणीत. म्हणजे मासळी चांगली होती. मग स्वस्त का?

बुधवार, १२ नोव्हेंबर

आज सुरमई. पुन्हा तेच. वर माशाच्या अंड्यांची गाबोळी! गाबोळी मंजुळा कुणाला फुकट देत नाही, तिचा वेगळा भाव लावते. मी विचारलं, ही कशाला? तर म्हणाली, "खा गं. सुशांतला आवडते ना."

घरी येईपर्यंत माझ्या डोक्यात आलं नाही. जिन्यात आलं. माझ्या मुलाला गाबोळी आवडते हे हिला कुणी सांगितलं? मी तर कधी माझ्या घरचं काही बाजारात बोलत नाही.

समोरच्या सुचित्राला सहज विचारल्यासारखं करून विचारलं, तू सुरमई काय भावाने घेतलीस? तिला पूर्ण भाव लागला, वर बोलणी पण बसली. म्हणजे मासळी उतरलेली नाही. फक्त मला उतरली आहे. मला कुणाची दया नको. पेन्शन चालू आहे माझी!

शुक्रवार, १४ नोव्हेंबर

आज बाजार नाही. डोकं मात्र तिथेच.

तीस वर्षं महापालिकेच्या शाळेत मराठी शिकवलं. 'महाग' हा शब्द वाक्यात वापरा म्हटलं की सगळा वर्ग टोमॅटो नाहीतर पेट्रोल. मी सांगायचे, अरे, महाग आणि महागडं एक नव्हे. कांदा महाग होतो, पण महागडा कांदा कुणी म्हणत नाही. महागडं म्हणजे मुळातच भारी — घड्याळ, शाळा, सून. आणि महागात पडणं आणखी वेगळं. तिथे भाव आधी कळत नाही, देऊन झाल्यावर कळतो. आणि माणूस दिसेनासा झाला की तो दर्शनाला महाग. तिथे तर पैशाचा संबंधच नाही.

आमचे चिरंजीव सध्या दर्शनाला महाग आहेत. लोअर परळला ऑफिस, चालत पंचवीस मिनिटं, आणि येतात साडेनऊला. फोन आला की गॅलरीच्या टोकाला. दिवाळीच्या आधीपासून डब्यात दोन पोळ्या जास्त मागतो. भूक वाढली म्हणतो. अंगाला तर काही लागलेलं दिसत नाही. कुठेतरी पाणी मुरतंय!

रविवार, १६ नोव्हेंबर

जेवताना सुशांत म्हणाला, "आई, बाजारात फार घासाघीस करत जाऊ नकोस गं. बरं नाही दिसत."

मी विचारलं, कुणाला बरं नाही दिसत? तो पाणी प्यायला. मग विषय बदलायला म्हणाला, हलवा मस्त आहे, मंजुळामावशीकडचा ना?

मावशी! जन्मात बाजारात पाऊल न टाकलेला मुलगा. बांगडा आणि हलवा पानात शेजारी ठेवले तरी ओळखायचा नाही. ह्याची ही मावशी कधी झाली? ह्यांच्याकडे बघितलं. हे काटे काढत होते. ह्यांना सगळं माहीत असतं किंवा काहीच नसतं, चेहऱ्यावरून कळत नाही.

बुधवार, १९ नोव्हेंबर

सापडलं.

नेहमीची वेळ सोडून दुपारी गेले, बाजार मोडायच्या वेळेला. मंजुळाच्या पाटीमागे एक मुलगी उभी. गळ्यात ऑफिसचं ओळखपत्र, केस बांधलेले, आईला पाण्याची बाटली देत होती. मंजुळाची मुलगी प्राची. लहानपणी पाटीशेजारी अभ्यास करत बसायची, नंतर दिसली नव्हती. आणि तिच्या खांद्याला डब्याची पिशवी — माझी! माझ्या जांभळ्या नऊवारीच्या काठाची, मी हाताने शिवलेली. अशी दुसरी मुंबईत असणं शक्य नाही.

दोन पोळ्या कुणाच्या पोटात जात होत्या ते कळलं.

मी मागच्या मागे फिरले. मसाल्याच्या गल्लीत मिरची कांडणं चालू होतं, डोळे चुरचुरत होते. बरं झालं, कुणी विचारलं नाही.

गुरुवार, २० नोव्हेंबर

सुशांतला समोर बसवलं. सगळं कबूल. दीड वर्ष! प्राची त्याच्याच इमारतीत वरच्या मजल्यावरच्या ऑफिसात आहे. लग्न करायचं म्हणतो, तिच्याशीच. तिच्या आईला दिवाळीत सांगितलं. मला का नाही? तर म्हणे, तुला सांगितलं असतं तर तू आधी काय म्हणाली असतीस ते मला माहीत आहे.

काय म्हणाले असते? आम्ही कोकणातले, ते वरळीचे कोळी, हे मी बोललेच नाही. आडून आडून आलं असेल. मी एवढंच म्हटलं की गाबोळी देऊन जावई मिळवायची ही चांगली रीत आहे. तो उठून गेला.

ह्यांना म्हटलं, तुम्ही काहीतरी बोला. हे म्हणाले, मासे चांगले होते.

शनिवार, २२ नोव्हेंबर

मंजुळाकडे जायचं नाही असं ठरवून दादरला गेले. ओळख ना देख. कोळंबी घेतली, भाव चढा, घासाघीस केली तर बाईने पाठ फिरवली. घरी येऊन सोलायला घेतली तर निम्मी मऊ. सगळी टाकून दिली आणि अंडी उकडली.

रविवार, २३ नोव्हेंबर

आज मी मंजुळाला बोलून आले.

बाजार भरलेला. सुचित्रा दोन पाट्या पलीकडे. मंजुळाने मला बघितलं, हसली, समोरचा सगळ्यात मोठा हलवा उचलला. तिचं ते हसणं बघूनच माझं डोकं फिरलं. मी म्हटलं, आणि चांगल्या मोठ्या आवाजात म्हटलं, "मंजुळा, माझा मुलगा वाट्यावर विकायला नाही ठेवलेला. मासळी टाकून उचलता यायचा नाही."

आजूबाजूचे सुरे थांबले. मला वाटलं आता ही तोंड सोडणार. कोळणीचं तोंड! मी तयारीतच होते. तिने हलवा परत खाली ठेवला. पाटीवर पाणी मारलं. मग हळू म्हणाली, "इथं नको बोलूस, बाय. माझी बसायची जागा हाय ही."

ह्यांना सांगितलं. हे म्हणाले, उचलली जीभ लावली टाळ्याला. इतक्या वर्षांत हे मला पहिल्यांदा बोलले.

सोमवार, २४ नोव्हेंबर

मी चुकले नाही. सांगायची जागा चुकली असेल.

बुधवार, २६ नोव्हेंबर

मासळी नाही. वांगं. सुशांत जेवतो, ताट धुतो, झोपतो. माझ्याशी बोलायला महाग झालाय. घरात तीन माणसं आणि आवाज फक्त कुकरचा.

गुरुवार, २७ नोव्हेंबर

मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. घट मांडला होता. संध्याकाळी दार वाजलं, तर प्राची! एकटी.

हिला पाठवलं कुणी, आईने की सुशांतने? पहिला विचार हाच. तर म्हणाली, कुणालाच माहीत नाही मी आलेय. माझी डब्याची पिशवी परत करायला आली होती. धुतलेली, इस्त्री केलेली. आत डबा. उघडला तर नारळाच्या वड्या. रिकामा डबा परत द्यायचा नसतो, हे हिला कळतं. मी म्हटलं, गुरुवार लक्षात ठेवून गोड आणलंस? तर म्हणाली, आमच्याकडेही घट असतो, काकू. मला उगाच ओशाळल्यासारखं झालं.

मी तिच्यात खोट शोधत होते, खरं सांगते. चपला नीट काढल्या. घटाला नमस्कार केला. चहा घेतला, कप स्वतः विसळला. एकदा हसली, जरा मोठ्याने. बस्स, एवढीच खोट.

मग मीच विषय काढला. म्हटलं, तुझी आई मला स्वस्त का देत होती? ती खाली बघत म्हणाली, "विहिणीकडून भाव घेत नाहीत आमच्यात. आईला तर पैसेच घ्यायचे नव्हते. पण फुकट दिलं तर तुम्हाला संशय येईल, म्हणून थोडे थोडे घेत होती."

म्हणजे मी रोज महाग, महाग करत होते आणि ती बाई रोज मला मनात विहीण म्हणत होती! वर माझा मान राहावा म्हणून पैसे घेत होती.

जाताना प्राचीने वाकून नमस्कार केला. "आईला परत बाजारात काही बोलू नका, काकू. एवढंच मागते." मी म्हटलं, नाही गं, वेडी का मी. ती थोडा वेळ दारात उभी राहिली, पिशवीकडे बघत. मग गेली.

गुणी आहे पोरगी. डोळ्यात पाणी होतं तिच्या. माझ्याही आलं. एवढं सरळ माणूस बघायची सवय राहिली नाही मला.

रविवार, ३० नोव्हेंबर

ठरवलं. हो म्हणायचं.

ह्यांना सांगितलं तर म्हणाले, मी तर गाबोळी खाल्ली त्या दिवशीच हो म्हटलं होतं. म्हणजे ह्यांना तेव्हाच कळलं होतं! ह्यांच्यावर संशय घ्यायला हवा होता, तो मी कधी घेतला नाही.

सुशांतला अजून सांगितलेलं नाही. आधी मंजुळाकडे जाणार. तिला बोलले ते भर बाजारात, तर विहीणबाई अशी हाकही भर बाजारातच मारणार. सुचित्राने ऐकलं पाहिजे. मग तिच्या हातात नारळ देणार. सुशांतला त्यानंतर, तोंड बघण्यासारखं होईल त्याचं!

सोमवार, १ डिसेंबर

सुशांत डबा भरताना म्हणाला, नेहमीच्या पोळ्या दे, जास्त नको. दोघं बाहेर खातात वाटतं. खाऊ देत. लग्न झाल्यावर घरचंच खायचंय.

मंगळवार, २ डिसेंबर

नारळ आणला. हलवून बघितला, पाणी भरपूर. खण ठेवणीतला, हिरवा. उद्या बुधवार.

बुधवार, ३ डिसेंबर

मंजुळा होती. समोर पापलेटची जोडी. मी हाक मारायला तोंड उघडलं, तेवढ्यात ती म्हणाली, "हजार."

मान वर नाही केली. बाय नाही, काही नाही. शेजारच्या बाईलाही हजारच सांगितला. म्हणजे मी आता गिऱ्हाईक.

तेव्हा कळलं. प्राची त्या दिवशी नुसती पिशवी द्यायला आली नव्हती, ती सगळंच परत करून गेली, सुशांतलासुद्धा. माझं आयुष्य संशय घेण्यात गेलं आणि नेमका त्या दिवशी घेतला नाही!

महाग म्हटलं नाही. हजार दिले. नारळ पिशवीत तसाच परत आला.

सकाळी मी आपणहून सुशांतच्या डब्यात दोन पोळ्या जास्त घातल्या होत्या. आत्ता डबा घासायला काढला. दोन्ही तशाच आहेत.