खिडकीतलं नाक

१७ ऑक्टोबर २०२०, शनिवार

आज ऐंशी बादल्या दही गेलं. दहा-दहा किलोच्या बादल्या. झाकणावर आजची तारीख, म्हणून. मी तीन बादल्या उघडून चव घेतली — कालचीच चव, कालचाच वास. पण रेस्टॉरंटं बुधवारपासून पुन्हा बंद, माल गोदामात पडून, आणि तारीख गाठलेलं दही या देशात कुणाच्या गळ्यात मारता येत नाही.

न्यायला ट्रक आला. ड्रायव्हर भला माणूस. म्हणाला, वाईट वाटून घेऊ नका, याचा गॅस करतात, त्या गॅसवर बस चालते. म्हणजे हार्लेमकरांनी माझं दही खायचं नाही, त्यावर बसून स्टेशनला जायचं.

सांगलीच्या हळद बाजारात मी पोती वाहायचो. तिथून हळद नुसती हुंगून प्रत सांगणारा झालो, तो या नाकावर. इथे येऊन मसाल्याचं गोदाम उभं केलं, तेही या नाकावर. आज एक शिक्का मारायचं मशीन त्याला हिंग लावून विचारत नाही.

सहा बादल्या गाडीत घालून घरी आणल्यात. वीणाला अजून सांगितलेलं नाही.

१८ ऑक्टोबर

सांगितलं.

२१ ऑक्टोबर

आज कढी. काल कढी. परवा श्रीखंड. तीन बादल्या इथल्या मराठी घरांत वाटल्या, ती मंडळी आता माझा फोन उचलत नाहीत.

वीणा म्हणाली, "अहो, ट्रकमध्ये गेलं असतं तर एकदाच गेलं असतं. आता ते आपण पोटात फेकतोय."

बाई वकील व्हायची, माझ्या पदरात पडली.

२३ ऑक्टोबर, शुक्रवार

शेजारच्या मेव्राउ कॉस्टर (डचमध्ये बाईला मेव्राउ, बुवाला मेनेर) सकाळी कचऱ्याच्या डब्यापाशी उभ्या होत्या. वय चौऱ्याऐंशी, एकट्या राहतात. आमच्या दोन घरांत मिळून एक भिंत, तीही एका विटेची, आणि माझे कान तिखट. त्यामुळे त्यांचा दिवस मला पाठ आहे — सातला किटलीची शिट्टी, आठला रेडिओवर बातम्या, दहाला जिन्यातली विजेची खुर्ची घूं करत खाली येते. समोरासमोर बोलणं मात्र वर्षातून दोनदा, तेही हवेबद्दल.

हातात दुधाचा लिटरचा खोका. भरलेला.

"कालची तारीख आहे," त्या म्हणाल्या. मुलगी मास्ट्रिख्टला असते, तिने मागे येऊन फ्रिजवर चिठ्ठी लावलीय : आई, तारीख बघ.

म्हटलं, "तारीख मी कधी वाचत नाही. खोका इकडे करा."

हुंगला. "अजून चार दिवस चांगलं आहे."

खरं तर त्यावर लिहिलेलंही असतं, 'किमान अमुक तारखेपर्यंत उत्तम'. किमान! मांस-मासळीवर असतं ते वेगळं — या तारखेपर्यंतच वापरा. तिथे मी नाक खुपसत नाही. पण लोक 'किमान' वाचतच नाहीत, नुसता आकडा वाचतात.

त्या खोका घेऊन परत गेल्या. दहा मिनिटांनी भिंतीतून किटली वाजली. अवेळी.

२६ ऑक्टोबर

मेव्राउ कॉस्टर पुन्हा आल्या. एक दही, एक लोणी. दोन्ही पास. त्यांच्या मागे समोरचा यूस्त चीज घेऊन उभा. त्याच्या मागे त्याची बायको, क्रीम घेऊन.

वीणाने लगेच कायदा केला. आमच्या स्वयंपाकघराची खिडकी रस्त्यावर उघडते. वस्तू आणणाऱ्याने झाकण स्वतः उघडायचं, खिडकीच्या कट्ट्यावर ठेवायची आणि दीड मीटर मागे सरकायचं. मग मी मास्क खाली करून वाकून हुंगायचं. "आणि कशालाही हात लावायचा नाही. नाक तुमचं, हात माझे आहेत असं समजा."

२ नोव्हेंबर

एका बाईंनी कुत्रा आणून कट्ट्यावर ठेवला. म्हटलं, फेकू नका, आंघोळ घाला.

७ नोव्हेंबर, शनिवार

यूस्त कुठल्याशा कंपनीत मॅनेजर आहे. मार्चपासून घरून काम करतो, मॅनेज व्हायला घरात कुणी तयार नाही. त्याने माझ्या नाकाचा तक्ता केला. सकाळी दहा ते अकरा, घरटी चार मिनिटं. रकाने : नाव, वस्तू, निकाल, अडचणीच्या वेळी कुणाला फोन करायचा. म्हटलं, दह्याला कसली आलीय अडचण? तो म्हणाला, हा रकाना असतोच.

फुगलेला डबा कुणी आणला तर टिचकी मारायला सांगतो आणि कान लावतो. बद्द वाजला की नापास. यूस्तने रकाना वाढवला : नाक / कान.

ग्रोनिंगनहून जुईचा फोन. लेक तिथे खाद्यविज्ञान शिकते, म्हणजे माझाच धंदा, फक्त फी भरून. म्हणाली, "बाबा, इथे माणशी वर्षाला तीस-पस्तीस किलो अन्न फेकतात. घरांतूनच हं. सिंकमध्ये ओततात ते वेगळं. सो आय लव्ह की तू हे करतोयस. बट युअर नोज इज नॉट अ लॅब. लिस्टेरियाला वास नसतो."

"कोण लिस्टेरिया?"

"जंतू, बाबा. तुला काही होणार नाही. म्हाताऱ्या माणसांना होतं."

मनात म्हटलं, शिकलेल्या मुली घाबरवणारच.

१४ नोव्हेंबर, लक्ष्मीपूजन

वीणाने सवयीने चाळीस माणसांचा फराळ केला. सध्याच्या नियमाने घरी पाहुणे दोनच चालतात. शेवटी खिडकी उलटी चालवली, आम्ही द्यायचं आणि गल्लीने घ्यायचं. यूस्तने चकली उजेडात धरून विचारलं, "याची तारीख काय?"

"संपेपर्यंत," वीणा म्हणाली.

मेव्राउ कॉस्टर सगळ्यांत जास्त वेळ थांबल्या. पूजेचा नारळ मी कानाशी हलवला, ते त्यांनी पाहिलं. म्हणाल्या, काय ऐकता? म्हटलं, पाणी. आहे का, किती आहे, सगळं कळतं. त्यांनाही हलवायला दिला (वीणाचं लक्ष नव्हतं). डोळे मिटून त्यांनी बराच वेळ हलवला.

मग म्हणाल्या, युद्धाच्या शेवटच्या हिवाळ्यात त्या आठ वर्षांच्या होत्या. ट्यूलिपचे कांदे उकडून खाल्ले. वास? ओल्या तळघराचा. "तेव्हा कुणी वास घेत नव्हतं, मेनेर उल्हास. बोलतही नव्हतं कुणी. आई म्हणायची, बोलल्याने भूक लागते."

बेसनाचे दोन लाडू रुमालात बांधून घेऊन गेल्या.

२४ नोव्हेंबर

मेव्राउ कॉस्टर आता रोज येतात. दहाच्या ठोक्याला, तक्त्यात पहिल्या. रोज दूधच. चौऱ्याऐंशीची बाई, पण लिटरचा खोका एका हातात पंखा धरावा तसा धरून येते. ताकद आहे. दुधाला वास इतका हलका की नसल्यासारखाच. महिन्याभरात एकदाही नापास नाही. यांचा फ्रिज कुठल्या कंपनीचा ते विचारायला हवं.

निकाल लागल्यावरही जात नाहीत. आज नवऱ्याच्या कबुतरांचं सांगत होत्या. बावीस मिनिटं! मागे यूस्त रांगेत घड्याळ दाखवत होता. मी बघितलंच नाही.

१ डिसेंबर, मंगळवार

तीन दिवसांत काही म्हणजे काहीच नापास नाही. एकोणतीस वस्तू, एकोणतीस पास. माणसं सुधारली. वेळेवर खातात, नीट झाकून ठेवतात. जुईला कळवायला हवं, सवय बदलू शकते.

३ डिसेंबर

यूस्तच्या निळ्या चीजलासुद्धा आज वास नव्हता. म्हटलं, अप्रतिम.

४ डिसेंबर, शुक्रवार

रात्री जेवताना वीणाने विचारलं, "आमटी कशी झालीय?"

"छान."

"फोडणी जळली होती. घरभर धूर होता. खिडक्या उघडल्या तेव्हा तुम्ही इथेच बसला होतात."

माझ्याकडे बघत राहिली. मग उठून हिंगाचा डबा आणला, गोदामातला मोठा, दोन कागदांत आणि एका पिशवीत गुंडाळून ठेवतो तो. झाकण काढून नाकाखाली धरला.

पाणी हुंगल्यासारखं.

५ डिसेंबर

सकाळी टेस्ट देऊन आलो. मग गल्लीत एकेकाला फोन. पाच-सहा दिवसांचे माझे निकाल रद्द समजा. माफ करा. जे जे पास केलं ते फेकून द्या — हे वाक्य माझ्या तोंडून गेलं.

खिडकीतून बघत होतो. अर्ध्या तासात सगळ्या घरांचे ओल्या कचऱ्याचे हिरवे डबे भरले. मी हुंगलेलं गेलं, न हुंगलेलं गेलं. यूस्तने सकाळी आणलेलं दूध ओतलं. आज त्यांचा सिंटरक्लासचा सण, पोरांच्या नावांची चॉकलेटची अक्षरं असतात, तीही डब्यात. मी फोनवर ओरडलो, अरे चॉकलेटला काय झालंय! म्हणाला, खात्री कुठे आहे?

सहा आठवडे वाचवलं त्याच्या दुप्पट अर्ध्या तासात गेलं. वीणा म्हणाली, "तुमचं नाक आठवड्यापूर्वी गेलं. यांचं केव्हाच गेलेलं आहे."

मेव्राउ कॉस्टर फोन घेत नाहीत. मी इकडे डायल करतो, घंटी भिंतीतून ऐकू येते. अकरा वेळा वाजते, थांबते.

सोमवारपासून रोज त्यांचं दूध पास केलंय मी.

६ डिसेंबर, रविवार

टेस्ट पॉझिटिव्ह. आम्हा दोघांना बाहेर पडायला बंदी.

सातला किटली नाही. आठला रेडिओ नाही. दहाला खुर्ची नाही. भिंतीला कान लावून बसलोय. त्यांचं घड्याळ ऐकू येतं, बाकी काही नाही. यूस्तला सांगून त्यांची बेल वाजवून घेतली. पडदे बंद. तो म्हणाला, झोपल्या असतील. चौऱ्याऐंशी वर्षांची बाई दुपारपर्यंत झोपत नाही रे बाबा. मला पाठ आहे तिचा दिवस.

लिस्टेरियाला वास नसतो. जुई दोनदा म्हणाली होती का एकदा?

मी तर त्यांना थांबवलं होतं. त्या टाकायलाच निघाल्या होत्या.

६ डिसेंबर, दुपारी

पोलिसांना फोन करणार होतो. वीणा म्हणाली, आधी मुलीला करा. नंबर कुठून आणायचा? तर यूस्तचा तक्ता! अडचणीच्या वेळी कुणाला फोन करायचा : मुलगी, मास्ट्रिख्ट. त्या रकान्याला मी हसलो होतो.

मुलीने उचलला. आई इथेच आहे, शुक्रवारी मीच गाडीने आणली, सणाला. घाईत कुणाला सांगायचं राहिलं.

म्हटलं, त्यांना द्या जरा.

"मेव्राउ, ते दूध प्यायलात का?"

"कुठलं दूध?"

"मी पास केलेलं. या आठवड्यातलं."

"ते केव्हाच संपलं. काळजी करू नका."

पोट? ठीक. ताप? नाही. मी सगळं सांगितलं — नाक गेलं, कधी येईल सांगता येत नाही, खिडकी आता बंद. यापुढे तारीख बघत जा. हेही माझ्याच तोंडून.

"बरं," त्या म्हणाल्या. आणि मग, "पण दहाला काय करायचं?"

मला वाटलं दुधाचंच विचारतायत. म्हटलं, चहा करा.

१६ डिसेंबर, बुधवार

आमची बंदी संपली आणि देशाची सुरू झाली. कालपासून दुकानंसुद्धा बंद. हिंग रोज हुंगतो. काही नाही.

मेव्राउ कॉस्टर परत आल्यात. सातला किटली, आठला रेडिओ. दहाला खुर्ची घूं करत खाली आली. दार उघडल्याचा आवाज नाही. पाच मिनिटांनी खुर्ची परत वर गेली.

१७ डिसेंबर

आजही. खाली. वर.

१८ डिसेंबर, शुक्रवार

दहाला खिडकीवर टकटक. मेव्राउ कॉस्टर, कोट, टोपी, मास्क. खोका कट्ट्यावर ठेवून दीड मीटर मागे सरकल्या.

म्हटलं, "नाक नाहीये माझ्याकडे."

"माहीत आहे. तरी बघा."

नाक नाही तर कान आहेत. वीणाने केलेला कायदा मोडून, तेव्हापासून पहिल्यांदाच खोका हातात घेतला. कागदासारखा हलका. कानाशी हलवला, नारळ हलवतात तसा. आत थेंब नाही. धुतलेला, कोरडा, कडा हाताळून मऊ झालेल्या. आणि कधी वाचत नाही ती तारीख वाचली : २२ ऑक्टोबर.

त्या माझ्याकडेच बघत होत्या.

खोका नाकाशी नेला, पुरेसा वेळ धरला आणि जपून परत कट्ट्यावर ठेवला.

"चांगलं आहे," म्हटलं. "पण उद्या पुन्हा दाखवा."