अ‍ॅम्प्लिफायर बंद, चहा चालू

सोमवार, ८ जानेवारी

ही वही लिहिण्याचं कारण एकच. ड्रमकारा सभागृह समितीच्या इतिवृत्तात अध्यक्ष मॅलकी टोहरने लिहिलं आहे की मिस गेराटी यांनी तरुणांच्या संगीताला विरोध केला. साफ खोटं. मी विरोध केला तो अ‍ॅम्प्लिफायरला. आमच्या सभागृहात चहाचं मोठं भांडं आणि अ‍ॅम्प्लिफायर एकदम लावले की फ्यूज उडतो. चहा बंद ठेवता येत नाही, कारण चहा नसला की समितीच भरत नाही. इतिवृत्तावर आता भरवसा उरला नाही, तेव्हा खरं काय घडलं ते मी स्वतः लिहून ठेवणार. कुणाला दाखवायला नव्हे. पुरावा म्हणून.

तरुण म्हणजे तिघं. फियाक्रा हा माझ्या धाकट्या बहिणीचा, नोरीनचा मुलगा. वय बावीस. गिटार वाजवतो आणि तिच्यावर भराभर बोलतो. या बोलण्याला हिप हॉप म्हणतात. सॉरका फिडल, म्हणजे व्हायोलिनच, वाजवते. केलेची एका लाकडी खोक्यावर बसतो आणि तोच खोका बडवतो. ही दोघं भूगोलाला माझ्या वर्गात होती. नोरीनने तिघांना स्वयंपाकघरातून हाकललं, म्हणून आता सभागृह हवं. किल्ली एकोणीस वर्षं माझ्याकडे आहे.

परवानगी दिली. अट: वीज वापरायची नाही.

फियाक्रा म्हणाला, मावशी, विजेशिवाय हिप हॉप म्हणजे पाण्याशिवाय पोहणं. म्हटलं, मग चाला.

संकल्प: ढवळाढवळ करायची नाही.

गुरुवार, ११ जानेवारी

पहिली तालीम. मागच्या रांगेत बसले, केवळ किल्लीसाठी. फियाक्राच्या गाण्यातल्या अकरा ओळी दुरुस्त केल्या. ही ढवळाढवळ नव्हे, तपासणी.

मुख्य दोष: मुलगा न्यूयॉर्कच्या माणसासारखा बोलतो. विचारलं, न्यूयॉर्कला कधी गेला होतास? नाही म्हणाला. सगळ्यांत लांब कुठे गेलास? म्हणाला, गॉलवेला, दात काढायला. मग गॉलवेला दात काढायला गेलेल्या माणसासारखं बोल, म्हटलं.

केलेची इतका हसला की खोक्यावरून पडला. उठून म्हणाला, बाई, ही ओळ आम्ही घेऊ का? घ्या म्हटलं. तेव्हापासून फियाक्रा आपल्या इथल्या, स्लायगोच्या बोलीत गातो. नोंद असावी.

मंगळवार, २३ जानेवारी

बँडचं नाव ठरलं. मी सुचवलं होतं, 'ड्रमकारा संयुक्त भाषण व वाद्यमंडळ'. त्यांनी ठेवलं, 'नो सर्व्हिस'. गावची बस गेल्या वर्षी बंद झाली, थांब्यावर तशी पाटी आहे. पहिलं गाणंही त्या बसवरच. त्यात एक आजी रोज थांब्यावर जाऊन बसते. 'पाटी म्हणते बस नाही, आजी म्हणते येईल की.'

शंभरपैकी एकसष्ट दिले. खरे चौऱ्याहत्तर होते, पण मुलं शेफारतात.

शनिवार, १० फेब्रुवारी

मॅलकीच्या पबच्या मागच्या खोलीत पहिला कार्यक्रम. श्रोते चौदा, कुत्रा धरून. प्रास्ताविक मी केलं. प्राचीन आयर्लंडच्या राजकवींपासून सुरुवात केली आणि वीस मिनिटांत अकराव्या शतकापर्यंत आणलं. इतकी शांतता पसरली की मॅलकी डोकावून म्हणाला, कुणी गेलं का रे?

मायक्रोफोन लावू दिला नाही. मी वर्गात बत्तीस पोरांवर पोटातून आवाज काढत होते, फियाक्रालाही तेच शिकवलं आहे. शेवटच्या बाकापर्यंत पोचतो.

नंतर सॉरका म्हणाली, बाई, पुढच्या वेळी आम्हीच सुरुवात करू, तुम्ही घसा जपा. गुणी मुलगी. घसा उत्तम आहे.

रविवार, ११ फेब्रुवारी

विचार केला. किल्ली, वेळापत्रक, तपासणी, प्रास्ताविक, सगळं मी बघते. अशा व्यक्तीला मॅनेजर म्हणतात. दोनशे कार्डं छापायला टाकली. 'मिस अ‍ॅट्रॅक्टा गेराटी, बी.ए., व्यवस्थापक, नो सर्व्हिस.'

नोरीन म्हणाली, ताई, पोरांना विचारलंस का? म्हटलं, मुख्याध्यापक मुलांना विचारून नेमतात का? म्हणाली, तू कधी होतीस मुख्याध्यापक?

विषय बदलला.

सोमवार, ४ मार्च

कुणीतरी सभागृहातली तालीम फोनवर टिपून इंटरनेटवर टाकली. आठ दिवसांत दोन लाख लोकांनी पाहिली. ड्रमकाराची लोकसंख्या सहाशे दहा आहे.

गाणं ऐन भरात आलं की मागून एक आवाज येतो, 'शब्द खाऊ नकोस, नाश्ता करून आलास ना!' तो माझा. केलेची लोकांचे अभिप्राय वाचून दाखवत होता. 'मागे ओरडणारी बाई कोण? तिला...' इथे अडखळला. तिला काय, विचारलं. फोनमध्ये तोंड घालून म्हणाला, तिला सलाम. चार हजार लोकांनी त्यावर पसंतीची खूण केली आहे.

रविवार, १७ मार्च

सेंट पॅट्रिकची मिरवणूक. नो सर्व्हिस ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर, मागच्या ट्रॉलीवर पशुवैद्य आणि त्याच्या मेंढ्या. शेजारच्या बॉइल गावाहून आलेल्या मुलींना बसचं गाणं तोंडपाठ. मी ट्रॉलीच्या पुढे चालत कार्डं वाटली. त्रेचाळीस गेली. काही लोकांनी डोक्यावर धरली, पाऊस होता.

डब्लिनच्या एका वर्तमानपत्राने लिहिलं आहे, 'विजेचा त्याग हा या बँडचा धाडसी कलात्मक निर्णय.' कात्रण काढून 'धाडसी कलात्मक निर्णय' खाली लाल रेघ मारली आणि समासात लिहिलं: फ्यूज.

शुक्रवार, १२ एप्रिल

डब्लिनच्या संगीत कंपनीची मिस केओ आली. आमच्या गल्लीतल्या चिखलाला न शोभणारे बूट. करार झाला. अठरा मेला डब्लिनला बाराशे खुर्च्यांचं नाट्यगृह, पुढे तीन आठवडे इंग्लंड.

मला म्हणाली, तुम्ही किल्लीवाल्या बाई ना? न बोलता कार्ड दिलं. तिने त्याच्या मागे स्वतःचा नंबर लिहिला आणि सॉरकाला दिलं.

रविवार, १४ एप्रिल

आज प्रार्थना संपल्यावर चर्चच्या भिंतीपाशी तिघं समोर येऊन उभी राहिली. फियाक्राचे कान लाल. म्हणाला, मावशी, गाडीत चौथी जागा आहे. दौऱ्यावर येशील का?

म्हटलं, छे, मला कुठे वेळ!

म्हणाला, बरं. आणि तिघं चिप्स खायला गेली.

काळजीचं कारण नाही. आपल्याकडे पहिल्या विचारण्याला कुणी हो म्हणत नाही, साध्या चहालासुद्धा नाही. पहिला नकार सभ्यतेचा. दुसरा, समोरच्याला खरंच मनापासून वाटतं का ते बघण्याचा. तिसऱ्यांदा विचारलं की म्हणायचं, इतकं म्हणताय तर. माझी आई लग्नाला अशीच तयार झाली. तेव्हा पहिली फेरी रीतसर पार पडली आहे.

मला जायची हौस आहे अशातला भाग नाही. पण बाराशे लोकांसमोर फियाक्राने शब्द खाल्ले तर मागून सांगणार कोण?

शुक्रवार, २६ एप्रिल

दुसरी फेरी अजून नाही. त्यांना संधी देते आहे. सोमवारी त्यांच्या गाडीपाशी पाव तास उभी होते. केलेची म्हणाला, बाई, काही हरवलंय का? शोधायला खाली वाकलाही. बुधवारी सगळ्यांसमोर मोठ्याने म्हटलं की माझा मे महिना अनपेक्षितपणे मोकळा झाला आहे. सॉरका म्हणाली, वा! मस्त आराम करा बाई.

गुरुवार, २ मे

नोरीनकडे सहज विषय काढला.

म्हणाली, पण तू नाही म्हणालीस ना? म्हटलं, एकदाच! म्हणाली, अगं ताई, ही पोरं एकदा नाही म्हटलं की नाहीच समजतात. मी विचारलं, असली रीत यांना शिकवली कुणी?

नोरीनने कप खाली ठेवला. माझ्याकडे बघत म्हणाली, तू. अख्ख्या गावाला ऐकू यायचं तुझ्या वर्गाच्या खिडकीतून. 'एकदा नाही म्हटलं म्हणजे नाही! पुन्हा विचारायचं नाही!' तीस वर्षं ऐकलं आम्ही.

ते गृहपाठाबद्दल होतं.

नोरीन म्हणाली, मग सरळ जाऊन सांग ना, मला यायचंय म्हणून. त्यात काय!

ती कॉलेजात गेलेली नाही, त्यामुळे तिला असं काहीही सुचतं.

सोमवार, ६ मे

निर्णय: सभागृह बंद. दारावर सूचना लावली, 'जमिनीला पॉलिश चालू आहे.' पॉलिश आणलेलं नाही.

दौऱ्याला बारा दिवस, तालमीला जागा नाही, किल्ली माझ्याकडे. माझ्याकडे यावंच लागेल. आली की बोलणं निघेल, आणि बोलणं निघालं की दुसऱ्यांदा विचारणं ओघाने आलंच. सोडा ब्रेड भाजला. चार कप मांडले.

मंगळवार, ७ मे

कुणी आलं नाही. ब्रेड मी खाल्ला. मीठ थोडं जास्त होतं, बरंच झालं.

गुरुवार, ९ मे

तिघं बसच्या थांब्यावर तालीम करतात. वर पत्रा आहे, आवाज छान घुमतो हे मान्य करावं लागेल. मंगळवारी वीस माणसं जमली, काल साठ, आज रस्ता बंद. स्लायगोहून गाड्या. टीव्हीवाले. मुलाखत घेणारीने विचारलं, बसच्या गाण्यासाठी बसचाच थांबा, ही कल्पना कुणाची? केलेची म्हणाला, आमच्या बाईंनी सभागृहाला कुलूप लावलं. सगळे हसले. मी हसण्यासारखं काही ऐकलं नाही. प्रश्न सरळ होता आणि उत्तर बरोबर होतं.

मी औषधाच्या दुकानाच्या कोपऱ्यावर, कुंपणामागे उभी होते. फियाक्राने एकही शब्द खाल्ला नाही. एकही नाही. खात्रीसाठी दुसऱ्यांदा ऐकलं.

शुक्रवार, १० मे

मॅलकी आला. म्हणाला, काय गं अ‍ॅट्रॅक्टा, पॉलिश वाळलं का? की डबा अजून दुकानातच आहे?

मग टोपी हातात घेतली. मॅलकी टोपी काढतो तेव्हा बातमी वाईट असते. सभागृहाला बटणांचं कुलूप बसणार, आकडे सगळ्यांना मिळणार, किल्लीची गरज नाही. म्हणाला, किल्ली राहू दे तुला, आठवण म्हणून. आणि इतिवृत्तात तुझे आभार मानलेत.

आभार हा शब्द आमची समिती फक्त मेलेल्यांसाठी वापरते.

मी म्हटलं, आभार खोडा. मी जिवंत आहे आणि पुढच्या सभेला येणार आहे. म्हणाला, ये की, चहा आहेच.

शुक्रवार, १७ मे

नाट्यगृहाची बाराशे तिकिटं संपली. एक बँड, जानेवारीत नोरीनने स्वयंपाकघरातून हाकललेला. वीज काढली कुणी, बोली सुधारली कुणी, रस्त्यावर आणलं कुणी, हे इतिहास ठरवेल. मी काही म्हणत नाही.

उद्या सकाळी निघणार. अजून कुणी विचारलेलं नाही. मी कसलीही तयारी केलेली नाही.

शनिवार, १८ मे, सकाळी ९.४०

गाडी सव्वानऊला समोर नोरीनच्या दारात लागली. मी खिडकीत उभी नव्हते, पडदे झटकत होते. कोट अंगात होता. सकाळी गारठा असतो.

फियाक्रा माझ्या मागच्या दाराने आला. कान लाल. म्हणाला, मावशी, एक विचारायचं होतं.

म्हटलं, विचार.

म्हणाला, तुझी ती मोठी सुटकेस देशील का? माझ्या बॅगेची चेन तुटली.

सुटकेस पलंगावर होती. थांब म्हणेपर्यंत तो मागोमाग खोलीत आला. रिकामी करायला अकरा मिनिटं लागली. तो दारात उभा राहून बघत होता. दोन गरम झगे, पावसाळी बूट, इंग्लंडचा नकाशा, घशाच्या गोळ्या, लाल पेनं चार, कार्डं एकशे छप्पन्न.

म्हणाला, मावशी, कुठे निघाली होतीस?

म्हटलं, हवा देत होते.

कार्डांना?

म्हटलं, कार्डांनाही.

त्याने कार्डांकडे बघितलं, माझ्या कोटाकडे बघितलं. मग हळूच म्हणाला, मावशी, चल ना. जागा आहे अजून.

दुसरी फेरी.

म्हटलं, छे, घर कोण बघेल?

आणि त्याच्याकडे नीट बघितलं, उत्तर ओठांवर येऊन अडलेल्या मुलाकडे बघतात तसं. एकच विचारणं उरलं होतं. त्याने तोंड उघडलंसुद्धा. बाहेर केलेचीने हॉर्न वाजवला.

फियाक्रा म्हणाला, बरं. दोनदा विचारलं, रागावू नकोस.

नाही रागावले म्हटलं.

हस्तांतर खालीलप्रमाणे.

सुटकेस एक, तपकिरी, पट्ट्यासकट, रिकामी.
घशाच्या गोळ्या, एक डबी, न उघडलेली. फियाक्रासाठी.
इंग्लंडचा नकाशा एक. केलेचीसाठी, भूगोल कच्चा आहे.
लाल पेन एक. सॉरकासाठी. यापुढे तपासणी तिने करावी.

घेणार: फियाक्रा. सही घ्यायची राहिली, गाडी निघाली.
देणार: अ. गेराटी, बी.ए.