कपाटातला बिल्ला

दादा,

काल तुला टीव्हीवर पाहिलं. यान आता इतकं लांब गेलंय की तिथे उन्हाचा उपयोग नाही, पण आपली अणुबॅटरी अजून वीस वर्षं चालेल, असं तू छाती फुगवून सांगितलंस. आई असती तर गल्लीभर सांगत सुटली असती.

त्या बॅटरीतल्या गोळ्या मी भरल्या. काचेच्या पेटीत हात घालून, सात आठवडे. अंगावर किती किरणं पडली ते छातीवरचा बिल्ला मोजायचा, आणि मर्यादा गाठली की माणसाला त्या कामावरून हलवायचे. पाचव्या आठवड्यात तू आलास. खात्याचा साहेब म्हणून नाही, खांद्यावर हात टाकून.

"बिल्ला कपाटात ठेव रे. दोन आठवड्यांचा तर प्रश्न आहे. आता नवा माणूस कुठून आणू?"

मी ठेवला. तुझा शब्द मी कधी मोडलाय?

काल मुलाखत घेणाऱ्या बाईंनी कामगारांबद्दल विचारलं, तर तू म्हणालास, "एकानेही मर्यादा ओलांडली नाही. नोंदी बघा." खरंच आहे. बिल्ल्याची तब्येत ठणठणीत आहे. माझ्या रक्ताने मात्र तुझ्या नोंदी वाचलेल्या नाहीत. डॉक्टर वीस वर्षांचं बोलत नाहीत, दवाखान्यात बायकोला बाजूला घेऊन हळू आवाजात बोलतात. उपचारांसाठी अर्ज केला, तर तुझ्याच खात्याने नोंदी बघून फेटाळला. खाली सही तुझी.

हे पत्र पाठवलं तर तुझी नोकरी जाईल. म्हणून हेही कपाटातच ठेवतोय, बिल्ल्याशेजारी.

मर्यादेत राहिलेला,
तुझा धाकटा