लांब गेलेल्यांचे दगड

प्रिय दादा,

नाही म्हणजे नाही! तू कितीही समजावलंस तरी त्याला फुटबॉल म्हणत नाहीत. बॉल हातात घ्यायचा, काखोटीला मारायचा आणि बिथरलेल्या रेड्यासारखं धावत सुटायचं, हा कसला फुटबॉल? पाय लागतो कधीतरी, तोसुद्धा एका वाळक्या माणसाचा, जो एरवी बाकावर बसून असतो. मग नाव हातबॉल ठेवा ना. तू असतास तर लगेच म्हणाला असतास, "मेल्या गज्या, पाय कशाक बघतंस, डोका बघ!"

बघ, तुझी वाक्यं पण आता मलाच बोलावी लागतात.

लिहायला बसलो कारण आज वहिनीचा आवाज भरलेला टेप आला. रत्नागिरीकडचा एक वेल्डर सुट्टीवरून इथे अरबांच्या मुलुखात परत आला, त्याच्या हाती पाठवलेला. आणि उद्या सकाळी मला इस्पितळात जाऊन एका कागदावर सही करायची आहे. तुझ्याबद्दलचा कागद आहे. तुला न विचारता कशी करू? माझी शाळा चौथीपर्यंत, तेव्हा चुका काढू नकोस. चुलत भाऊ असलास तरी सख्ख्यापेक्षा जास्त चुका काढल्यास माझ्या.

कार्लसाहेब आज दुपारी मेसमध्ये भेटला. आपला अमेरिकन फोरमन, अजून तसाच गोरा, उन्हानं सोललेलं नाक. घरून नवीन फिल्म आली आहे म्हणाला. दर शुक्रवारी मेसच्या भिंतीला चादर लावून तो त्याच्या गावच्या टीमच्या फिल्मा दाखवायचा आणि अख्ख्या कॅम्पात तू एकटाच खुर्ची ओढून पुढे बसायचास. बाकीचे पत्ते खेळायचे. मी तुझ्या मागे बसून शिव्या घालायचो.

टीमचं नाव वायकिंग. जांभळे कपडे, डोक्यावरच्या टोपाला शिंगांचं चित्र. ते चौघे दांडगे, समोरच्यांची फळी फोडून आत घुसणारे, तुझे लाडके. तू त्यांना दीपमाळा म्हणायचास. आणि तो बॉल फेकणारा, ठेंगणा, दांडग्यांच्या हातून निसटत इकडून तिकडे पळणारा! तो आला की तू ओरडायचास, "ह्यो आपलो कबड्डीवालो!" साहेबाला वाटायचं तू इंग्रजीत काहीतरी म्हणतोयस. तो पण ओरडायचा.

"पण जिंकले किती?" मी विचारलं होतं. साहेबानं चार बोटं वर केली. मला वाटलं चार वेळा जिंकले. तर म्हणे चार वेळा फायनलला गेले आणि चारही वेळा हरले! मी इतका हसलो की खुर्चीवरून पडलो. हरणाऱ्यांची पूजा कसली करता? तू रागावलास. म्हणालास, "चौथ्यांदा जाऊक छाती लागता रे." यावर आपण तीन दिवस बोललो नव्हतो. आठवतं?

त्या चौघांतला एक तर भलताच. एकदा बॉल जमिनीवरून उचलला आणि सुटला तो सुटलाच, चुकीच्या बाजूला! मैदान ओलांडून आपल्याच हद्दीत जाऊन पोचला, वर खुशीत बॉल फेकून दिला. फायदा समोरच्यांना. जगभर हसं झालं. आणि साहेब सांगतो, तोच माणूस पुढे वर्षानुवर्षं खेळला, एकही सामना चुकवला नाही. तुला तो सगळ्यात आवडायचा. मी म्हटलं होतं, "आवडणारच. तू पण चुकीच्या बाजूलाच धावतोस."

ते मी चेष्टेनं म्हटलं नव्हतं, दादा. कतीफच्या म्हाताऱ्याकडे तुला चांगलं काम होतं. त्याचे मासेमारीचे पडाव, तू त्याचा सुतार, तुझा जामीन, कफीलही तोच. राहायचा परवाना, इकामा, त्याच्या नावावर. मग इथे साईटवर शटरिंगला दुप्पट पगार आहे असं कळलं आणि तू एका पहाटे पेटी उचलून निघून आलास. "आधी त्याच्याकडून सुटकेचा कागद घे," असं मी किती वेळा बजावलं! तू म्हणालास, "बघूया रे, सगळेच असे येतत." सगळेच येतात, हे खरं. म्हाताऱ्यानं तू पळालास म्हणून तक्रार दिली आणि आपल्याला कुणालाच त्याचं काही वाटलं नाही. जिवंत माणसाला तो कागद कुठे लागतो? मेल्यावर लागतो.

तू कसा गेलास ते तुला सांगायची गरज नाही, पण कोणीतरी सांगायला हवं. दुपारची सुट्टी व्हायला थोडा वेळ होता. तू फळीवरून खाली उतरलास, म्हणालास डोकं गरगरतंय, सावलीत बसलास. मी पाणी घेऊन आलो तेव्हा बसलेलाच होतास, पण तू नव्हतास. साहेबानं स्वतः गाडी काढली. इस्पितळात डॉक्टरनं तपासलं आणि कागदावर वेळ लिहिली. बस, एवढंच. रडायला जमलं नाही, कागद इतके होते.

इथे अग्नी देता येत नाही. गावी न्यायचं तर कफीलची सही आणि पळाल्याची तक्रार खलास झाल्याचा शिक्का. म्हणून मी कतीफला गेलो. वाटलं होतं म्हातारा हाकलून देईल. त्यानं मला चटईवर बसवलं, खजूर दिले, कॉफी दिली. तुझं नाव काढल्यावर हातातला पेला खाली ठेवला. मग त्याच्या मोडक्या हिंदीत म्हणाला, "सदा अच्छा नज्जार. बहोत अच्छा. बोल के जाता, मैं छोड देता." चांगला सुतार होतास, बोलून गेला असतास तर सोडलं असतं म्हणे! ऐकलंस? तेवढंच करायचं होतं. दोन शब्द.

त्याच दिवशी तो माझ्याबरोबर सरकारी ऑफिसात आला. तक्रार मागे घेतली. पण शिक्का यायला चार महिने तरी लागतील असं तिथल्या माणसानं सांगितलं आणि इस्पितळवाले तेवढे दिवस ठेवायला तयार नाहीत. इथेच पुरायचं तर म्हाताऱ्याची सही पुरते, ती त्यानं उभ्या उभ्या केली. बिगरमुसलमानांसाठी वेगळी जागा आहे. आता घरच्या माणसाची सही हवी. इथे घरचा माणूस म्हणजे मी.

मी वहिनीला टेप भरून पाठवला. तीनदा भरला. दोनदा पुसला.

आज तिचं उत्तर ऐकलं. मागे कोंबड्या ओरडतायत, सुमी मध्येच विचारते, "आई, ह्यात बाबा पण ऐकतत?" वहिनी म्हणते, "भावजीनू, भटजी सांगतत पळसाच्या पानांचो पुतळो करूया आणि तेका अग्नी देऊया. शास्त्रात असा म्हणे. करूक माझी ना नाय. पण पानां जळली काय राख, राख खाडीत गेली काय मग काय? माका एक जागा व्हयी. पोरीक घेऊन जाऊक. कपाळ पुसलंय, पण माणूस खंय गेलो ता माका दाखवा कोणीतरी."

टेप मी पुन्हा लावला नाही. सरळ कार्लसाहेबाकडे गेलो. का गेलो ते नक्की सांगता येत नाही. त्याला तुझी आठवण येते, हे एक कारण.

तुला आठवतं, एकदा तू त्याला विचारलं होतंस की वायकिंग खरे होते का? तो म्हणाला होता, होते, माझ्या आजोबाच्या मुलुखातले. बर्फातले दर्यावर्दी, लुटारू पण आणि व्यापारी पण. शिंगं मात्र त्यांनी कधी घातलीच नाहीत, ती नंतरच्या चित्रवाल्यांनी चिकटवली. तेव्हा तुला केवढं वाईट वाटलं होतं! "म्हणजे शिंगां खोटी?" दोन दिवस तेच. मग त्यानं सांगितलं की ते लोक नद्यांतून होड्या हाकत पार अरबांच्या बाजारापर्यंत यायचे, चांदीसाठी. अजून त्याच्या आजोबाच्या गावाकडे शेतात अरबांची नाणी सापडतात. तू मांडीवर थाप मारलीस, "गज्या, म्हणजे आपण पयले न्हय!"

आज मी त्याला वहिनीचं म्हणणं सांगितलं. जमेल तसं. साहेबानं माझ्यासाठी खुर्ची ओढली. मग म्हणाला, "ते वायकिंग पण सगळे परत गेले नाहीत." जे अरबांच्या मुलुखाकडे येऊन मेले, त्यांच्यासाठी घरच्यांनी गावात दगड उभे केले. त्यावर कोरलं, अमका लांब गेला, कमवायला गेला, तिकडेच दक्षिणेत वारला. कोणाच्या आईनं, कोणाच्या भावानं. दगडाखाली काहीही नाही. तरी हजार वर्षं उभे आहेत, पोरंबाळं बघायला जातात.

मला आपल्या देवळाबाहेरचा वीरगळ दिसला. तोच, होडी कोरलेला, ज्यावर बसलो म्हणून गुरवानं आपल्या दोघांना बडवलं होतं. त्याच्याखाली तरी कोण आहे? कोणालाच ठाऊक नाही. तरी दर शिमग्याला त्याला नारळ फुटतो.

तर दादा, मी असं ठरवलंय. उद्या सही करतो. तू इथे राहा. जागा बरी आहे, मी बघून आलो, दर्याचा वारा येतो. पळसाचा विधी गावी होईल, वहिनीच करेल. आणि खाडीच्या धक्क्यावर, जिथून तू निघालास, तिथे तुझा दगड उभा राहील. आपला जांभा नको, त्यावर अक्षर टिकत नाही. घाटावरून काळा दगड आणायचा आणि पाथरवटाकडून नीट कोरून घ्यायचा. नाव सदाशिव. सुतार. कमवायला लांब गेला, तिकडेच वारला. खाली, चुलत भावानं उभा केला. होडी कोरायची. शिंगं नाहीत.

तू म्हणशील, गज्या आज एक ठरवतो, उद्या दुसरं. तीन वर्षांत चार नोकऱ्या बदलल्या मी, खरं आहे. पण हे बदलणार नाही. दगड उभा राहीपर्यंत मी हे काम सोडणार नाही, हा माझा शब्द. आणि येत्या शुक्रवारी तुझ्या खुर्चीवर बसून ती नवीन फिल्म बघेन. त्याला फुटबॉल मात्र म्हणणार नाही.

तुझा,
गज्या

ता. क. दगड, गाडीभाडं आणि पाथरवटाची मजुरी धरून वहिनीच्या नावानं ड्राफ्ट काढला आहे. रुपये दोन हजार सातशे.