वरातीखालून निघालेली आई

बाबा, आई सापडली! अकराच सेकंद आहे, पण हालते, बोलते. तुमच्या नातीनं काढली. पोरगी सिनेमा शिकून राह्यली, पण कॅमेऱ्याले हात लावत नाई. लोकांनी काढलेल्या जुन्या चित्रांचे तुकडे जोडून सिनेमा करते. म्हणून तुमी सावली गावभर काढलेल्या लग्नांच्या कॅसेटा घेऊन बसली, बुरशी पुसत. गोष्ट मात्र पार ग्रीक लोकांची. एका गवयाची बायको मेली, तो तिले आणाले मेलेल्यांच्या मुलखात गेला. तिथला राजा म्हणाला, ने, पण उजेडात पोचेपर्यंत मागे पाहू नको. यानं पाह्यलं. ती गेली. मी म्हटलं, "मूर्खच होता! चार पावलं दम नाई निघाला?" पोरगी हसली. "आई, तू तर निघतानाच पाह्यलं असतं." खरंच पाह्यलं असतं.

तिच्या सिनेमात गवई दिसतच नाई. तुमच्या कॅसेटांतल्या नवऱ्या दिसतात. एकीमागून एक जीपमध्ये चढतात अन् मागे वळून पाहातात. पोरगी म्हणते, चूक गवयाची नाई, बायकोनंच हाक मारली. अन् ती हाक कुठी भेटली? त्याच कॅसेटवर! आई गेल्यावर तिचं तेवढंच हालतं चित्र होतं आपल्याजवळ, अन् तुमच्या हातून त्यावर कोणाची तरी वरात भरली गेली. वरात संपते, पडदा खरखरतो, अन् आपलं रांधणघर. चुलीपुढून आई वळते. "अवो, ठेवा ना ते कॅमेऱ्याचं डब्बं बाजूले! भात करपून राह्यला." बस. मी ओरडली, पुन्हा लाव, पुन्हा लाव!

वरात भरली गेल्याचं कळलं तो दिवस अजून दिसतो मले. तुमी ओट्यावर बसले आहात, कॅसेट मांडीवर. "मीच गधा," म्हणता. त्यानंतर कॅमेरा विकून टाकला तुमी.

हे तुमाले पोचणार नाई, म्हणूनच लिहून राह्यली. त्यावर कोणी दुसरं काई भरू नये म्हणून तुमी त्या कॅसेटची मागची पत्ती तोडून ठेवली होती. कॅमेऱ्याच्या पिशवीतून कधी काढत नव्हते तिले. त्या वरातीच्या लग्नात मी तुमच्या मदतीले होती, अन् कोऱ्या कॅसेटा घरीच विसरली. तुमच्या बोलण्याच्या भेवानं पत्तीच्या भोकावर चिकटपट्टी लावली, म्हणजे पुन्हा भरता येते, अन् तीच तुमच्या हातात देली. तुमी मरेपर्यंत स्वतःले गधा म्हणत राह्यले, अन् मी बाजूले बसून ऐकत राह्यली.