आईला का सांगितलं नाहीत?

प्रिय अप्पा,

तुम्हाला जाऊन दोन महिने व्हायचे आहेत, आणि मी तुमच्यावर चिडून पत्र लिहायला बसले आहे. रडायचं ते रडून झालं. आता राग उरलाय आणि तो दुसऱ्या कोणाला सांगण्यासारखा नाही. काल सकाळी मी तुमच्या कर्नलसाहेबांना घरातून जायला सांगितलं. हातातली कॉफी अर्धीच झाली होती त्यांची. तुम्ही असता तर मलाच ओरडला असता, म्हणून आधी सगळं ऐकून घ्या.

गेल्या आठवड्यात शेजारणीनं तमिळमध्ये हाक मारून सांगितलं, तुमच्या भाषेचं कोणीतरी आलंय. बाहेर येऊन पाहते तर नऊवारी नेसलेली एक म्हातारी आणि तिची लेक. कराडजवळच्या खेड्यातून, गाड्या बदलत बदलत, पत्ता विचारत दोघी कुंभकोणमला पोचल्या होत्या. नाव सांगितलं, शेवंताबाई. लान्स नायक संभाजीची आई.

संभाजी कोण, ते मला आठवत होतं. तुम्हीच हसत हसत सांगितलं होतं. तुमच्या मराठा पलटणीतल्या सातारा-कोल्हापूरच्या पोरांना आपली तंजावरची, पिढ्यानपिढ्या इकडेच राहिलेली घरगुती मराठी ऐकून मजा वाटायची, आणि एकदा संभाजीनं तोंडावरच विचारलं होतं, "साहेब, तुम्ही बखरीतून बोलता का?" शिपाई म्हणून गेलात तेव्हाही पलटण तुम्हाला हसली होती. पुढे सुभेदार मेजर झालात आणि साऱ्या जवानांची सुखदुःखं त्याच जुन्या मराठीत ऐकून घेऊ लागलात. मग एका सुट्टीत इतकंच सांगितलंत की संभाजी गेला. कसा गेला, ते नाही सांगितलंत.

ते शेवंताबाईंनी सांगितलं. त्याला ताप होता. डॉक्टरनं विश्रांती लिहून दिली होती आणि तुम्ही त्याला लांब पल्ल्याच्या मार्चमधून वगळलं होतं. पण पलटणींची स्पर्धा होती, संभाजी चालण्यात पहिला यायचा, म्हणून कर्नलसाहेबांनी त्याला पुन्हा घेतलं. तुम्ही त्यांच्यापुढे जाऊन नको म्हणालात. ते म्हणाले, पलटण मी चालवतो. ऐन उन्हात संभाजी कोसळला तो उठलाच नाही. पुढे चौकशीत कोणीतरी पिल्लू सोडलं की पोरगा आदल्या रात्री प्यायला होता. तुम्ही उभे राहिलात आणि जे घडलं ते सांगितलंत. जबानी बदला म्हणून तुम्हाला समजावलं, मग दमही दिला. तुम्ही बदलली नाहीत. त्या माउलीची पेन्शन वाचली, आणि गावात तिची मान ताठ राहिली.

"तुझ्या बापानं माज्या लेकाला दारुडा म्हणू दिलं न्हाई," असं म्हणून ती माझा हात धरून बसली.

अप्पा, मला अभिमान वाटायला हवा होता ना? वाटला. पण घटकाभरच. मग आईचा चेहरा आठवला आणि माझ्या डोक्यात रागाचा भडका उडाला.

ती सव्वीस जानेवारी विसरलात का? निवृत्तीआधी त्या दिवशीच्या यादीत तुम्हाला मानद लेफ्टनंट करणार हे घरात सगळे धरून चालले होते. पलटणीतली माणसंच तसं कळवत होती. आईनं शेजारच्या मरुदानल्लूरच्या मठात भजनाला जाऊन साऱ्या बायकांना सांगितलं. नाचियारकोविलला जाऊन पितळेचा उंच दिवा करायला टाकून आली. यादी लागली आणि तुमचं नाव नव्हतं. शिफारस करायची होती ती त्याच कर्नलसाहेबांनी. हे तुम्हाला माहीत होतं. आम्हाला तुम्ही फोनवर काय सांगितलंत? "नाव आलें नाही. विषय संपला."

तुमच्यापुरता संपला. आईच्या मागे लागला तो तिथूनच.

पुढच्याच महिन्यात घरच्या लग्नात काका सगळ्यांसमोर म्हणाले, लष्करात उगाच कोणाचं नाव गाळत नाहीत, काहीतरी भानगड केली असेल. आई तेव्हा पंगतीत वाढत होती. भांडं खाली ठेवून ती मांडवाबाहेर गेली. मग कोणी म्हणे कॅन्टीनचा माल विकला, कोणी म्हणे बाटलीपायी झालं. तुमच्या सख्ख्या भावानं सुरू केलेली गोष्ट गावभर फिरली आणि परत आपल्याच दारात आली.

आई मरुदानल्लूरला जायची थांबली. लहानपणापासून ती त्या भजनात गात होती, अप्पा. तुम्ही पेन्शनवर घरी आलात, ती संध्याकाळी ओसरीवर नुसती बसलेली रोज पाहिलीत. का जात नाही, हे एकदाही विचारलं नाहीत. विचारलं असतं तर उत्तर तुम्हालाच द्यावं लागलं असतं, म्हणून ना?

शेवटच्या आजारात, दवाखान्यात, तिनं माझ्यासमोर तुम्हाला विचारलं, "आतां तरी सांगा. तुमच्या हातून कांही वाईट झालें कां?"

तुम्ही म्हणालात, "नाही."

"मग काय झालें?"

तुम्ही तिचं पांघरूण सारखं केलंत आणि म्हणालात, झोप आता. तिनं भिंतीकडे तोंड फिरवलं. त्यानंतर ती फारशी बोललीच नाही.

का सांगितलं नाहीत? मी किती दिवस डोकं फोडून घेतेय. पलटणीची गोष्ट पलटणीत राहावी म्हणून? साहेबाची अब्रू जाऊ नये म्हणून? की संभाजीच्या आईला कळलं, आपल्या लेकापायी सुभेदार मेजरांचा मान गेला, तर ती खचेल म्हणून? शेवटचं खरं असावं असं मला वाटतं, कारण ते तुमच्यासारखं आहे. तिलाही तुम्ही कधी कळू दिलं नाहीत. तुम्ही गेल्यावर पलटणीतल्या कोणीतरी तिला सांगितलं, म्हणून ती धावत आली. आईबद्दल मी बोलले तेव्हा तिनं कपाळावर हात मारून घेतला. मग म्हणाली, "मला ठावं असतं तर तुझ्या आईच्या पाया पडाया आले असते गं. ती जिती असताना आले असते."

ऐकलंत? ती आली असती. आई आणि ती, दोघी ओसरीवर बसल्या असत्या, आणि काकांचं तोंड कायमचं बंद झालं असतं. तुम्ही एका बाईचं ओझं वाचवलंत आणि दुसरीच्या डोक्यावर ठेवलंत. ती दुसरी तुमची बायको होती, तिला कोण विचारतो!

काल कर्नलसाहेब आले ते तुमच्या फोटोचं सांगायला. माजी सैनिकांच्या हॉलमध्ये तुमचा फोटो लावायचाय, अनावरण ते स्वतः करणार, मी चार शब्द बोलायचे. तुमचे वडील कधी तक्रार करायचे नाहीत, असं ते दोनदा म्हणाले. मी संभाजीचं नाव घेतलं. पेला खाली ठेवून ते म्हणाले, तो काळ वेगळा होता, सुभेदार मेजरांनी थोडं सांभाळून घेतलं असतं तर त्यांचंही भलं झालं असतं.

मी म्हणाले, "माझ्या अप्पांच्या फोटोला तुमचा हात लागणार नाही. उठा."

ते उठले. थकलेत फार, पायरी उतरताना कठड्याला धरत होते. फाटकाशी थांबून हळूच म्हणाले, तो पोरगा मलाही आठवतो. आठवत असेल. मी फाटक लावून घेतलं.

त्यांच्यावरचा राग त्यांच्याबरोबर फाटकाबाहेर गेला. त्यांच्याकडून मला कसली अपेक्षाच नव्हती. तुमच्याकडून होती. इतक्या मोठ्या साहेबांसमोर तोंड उघडायची छाती होती ना तुमच्याकडे? मग जन्मभर तुमच्या सुट्टीची वाट पाहणाऱ्या बाईसमोर ती कुठे गेली?

पुढच्या महिन्यात आईची तिथी आहे. काका येणार आहेत. मरुदानल्लूरच्या भजनातल्या बायकांना मी स्वतः जाऊन बोलावून आले. शेवंताबाई पुन्हा येते म्हणाल्या आहेत. जेवणं झाल्यावर कोणाला उठू देणार नाही. त्या त्यांच्या मराठीत सांगतील, मी आपल्या मराठीत सांगेन, आणि गल्लीतल्या लोकांना तमिळमध्ये. तुमचं नाव का गाळलं आणि आई काय सोसून गेली, दोन्ही. तुम्ही नको म्हणाल हे ठाऊक आहे. मी ऐकणार नाही, हे वचन आहे माझं.

इथल्यांना मी सांगते. तिकडे आईपाशी बसून तिला तुम्ही सांगा, अप्पा. तिनं तुमच्या तोंडून ऐकायला हवं होतं.

तुमची, अजून चिडलेली,
रुक्मिणी